पाहिलं म्हणजे पटलं का? खुनाच्या अपिलात साक्षीदाराची पारख

(नागपूर इथे तरुणांच्या अभ्यासवर्गात झालेल्या भाषणाचं शब्दांकन)



तुमच्यातले काही जण उत्तर नागपुरातून, जरीपटक्याकडून आले आहेत. तिथल्या कब्रस्तानात एक कबर आहे. त्या कबरीतला माणूस नागपूरचा नव्हता, बिहारच्या मधुबनीचा होता. कमाल अन्सारी त्याचं नाव. मुंबईच्या लोकल गाड्यांतल्या बॉम्बस्फोटांच्या खटल्यात २०१५ साली त्याला फाशीची शिक्षा झाली. आपल्या राज्यात फाशीच्या कैद्यांना येरवड्याला आणि नागपूरला ठेवतात, तसा तो इथल्या सेंट्रल जेलमध्ये होता. २०२१ मध्ये कोविडने तो कैदेतच वारला आणि इथेच त्याला माती दिली. २१ जुलै २०२५ ला मुंबई हायकोर्टाने त्या खटल्यातल्या बाराही जणांची शिक्षा रद्द केली. त्या बारांत कमाल अन्सारीही होता. निकालानंतर त्याचा भाऊ नागपूरला आला आणि कबरीपाशी उभं राहून त्याने निकाल वाचला.

ही बातमी वाचून माझ्याही डोळ्यांत पाणी आलं. पण मी वकील आहे, माझं काम फौजदारी अपिलांचं आहे, आणि आज मला तुमच्यापुढे एक वकिली प्रश्न ठेवायचा आहे. २०१५ साली विशेष कोर्टाने ज्या साक्षीदारांवर विश्वास ठेवला, त्यांच्यावरच २०२५ साली हायकोर्टाने विश्वास ठेवला नाही. साक्षीदार तेच. त्यांचे शब्दही तेच, टाइप केलेले, सही-शिक्क्याचे. मग दहा वर्षांत बदललं काय? हे आपल्याला समजलं नाही, तर निकाल आपल्या मनासारखा लागला की इन्साफ आणि नाही लागला की जुलूम, इतकंच आपल्या हातात राहतं.

आधी एक खुलासा करतो. २४ जुलै २०२५ ला सुप्रीम कोर्टाने असा आदेश दिला की या निकालाचा दाखला सध्या दुसऱ्या खटल्यांत देता येणार नाही. सुटलेल्यांना परत जेलमध्ये पाठवायला मात्र सांगितलं नाही. राज्य सरकारने अपील केलं आहे. तेव्हा मी जे सांगणार आहे ते हायकोर्टाने काय म्हटलं याबद्दल आहे. शेवटचा शब्द सुप्रीम कोर्टाचा असेल.

अपिलात साक्षीदार येत नाही, कागद येतो

सिनेमात कोर्ट बघून आपल्याला वाटतं की अपिलात पुन्हा साक्षी होतात, कोणीतरी धावत येतो आणि खरं सांगतो. तसं होत नाही. सेशन्स कोर्टात साक्षीदार उभा राहतो, सरतपासणी होते, उलटतपासणी होते, न्यायाधीश त्याचा चेहरा बघतात, तो कुठे अडखळला ते बघतात. हायकोर्टात जातं ते पेपरबुक. फिर्याद, जबाब, पंचनामे, साक्षी, सगळं बांधलेलं. फाशीची शिक्षा असेल तर हायकोर्टाने ती कायम केल्याशिवाय अमलात येत नाही, म्हणून तिथे दोन न्यायमूर्ती सगळा पुरावा मुळापासून पुन्हा वाचतात.

कागदाचा तोटा असा की त्यात माणसाचा चेहरा दिसत नाही. फायदा असा की सगळ्या तारखा एकमेकींशेजारी येतात. साक्षीदाराने कधी पाहिलं, पोलिसांना पहिल्यांदा कधी सांगितलं, ओळख परेड कधी झाली, कोर्टात बोट कधी दाखवलं. साक्ष ऐकताना माणूस पटतो. कागद वाचताना तारखा टोचायला लागतात.

आपल्या कायद्यात एखादी गोष्ट सिद्ध करायला ठरावीक संख्येने साक्षीदार लागत नाहीत. सुप्रीम कोर्टाने १९५७ साली वडिवेलू थेवरच्या खटल्यात सांगितलं की साक्षी मोजायच्या नाहीत, तोलायच्या. त्याच निकालात तीन प्रकारचे साक्षीदार सांगितले आहेत: पूर्ण भरवशाचा, अजिबात भरवशाचा नसलेला, आणि या दोहोंच्या मधला. पहिला एकटा असला तरी पुरतो. दुसरे दहा असले तरी उपयोग नाही. अपिलातली सगळी मारामारी तिसऱ्यावर असते. त्याच्यासाठी दुसरीकडून आधार शोधावा लागतो.

खोटं न बोलता चूक

साक्षीवर शंका घेतली की लोक विचारतात, "त्याला खोटं बोलायचं काय कारण?" प्रश्न बरोबर आहे, पण अर्धा आहे. खोटं न बोलताही माणूस चुकतो. माझीच गोष्ट सांगतो.

काही वर्षांपूर्वी सीताबर्डीत माझ्यासमोर एका बाईंच्या हातातली पर्स कोणीतरी हिसकावली. मी दहा-बारा फुटांवर होतो. पोलीस आले तेव्हा मी पुढे होऊन सांगितलं: काळी पल्सर, दोन पोरं, मागच्याने लाल टी-शर्ट घातला होता. वकील असल्यामुळे जरा जास्तच ठासून सांगितलं. पलीकडे पानठेल्यापाशी काळी पल्सर लावून एक मुलगा उभा होता. हवालदाराने लगेच त्याचं नाव-गाव विचारायला सुरुवात केली. तेवढ्यात शेजारच्या दुकानदाराने कॅमेऱ्यातलं चित्र दाखवलं. त्यात स्कूटर होती. त्यावर एकच माणूस होता आणि त्याचा शर्ट निळा होता.

मी खोटं बोललो नव्हतो. मला ती पल्सर दिसत होती, आजही डोळे मिटले तर दिसते. बहुतेक पानठेल्याशेजारची गाडी मी आधी पाहिली असेल आणि मनाने ती गोष्टीत बसवली असेल. कॅमेरा नसता तर त्या मुलाचं काय झालं असतं, हा विचार अजून पाठ सोडत नाही. खुनाच्या खटल्यात माझ्यासारखाच एखादा खात्रीचा साक्षीदार उभा असतो, आणि बहुतेक वेळा कॅमेरा नसतो.

आठवण व्हिडिओसारखी साठवून ठेवलेली नसते. आठवताना आपण ती पुन्हा रचतो. एलिझाबेथ लॉफ्टस नावाच्या अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९७४ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. लोकांना गाड्यांच्या अपघाताची फिल्म दाखवली आणि वेग विचारला. काहींना विचारलं, गाड्या एकमेकींना लागल्या तेव्हा वेग किती होता? काहींना विचारलं, गाड्यांचा चक्काचूर झाला तेव्हा किती होता? फिल्म एकच, पण चक्काचूर हा शब्द ऐकलेल्यांनी वेग जास्त सांगितला. आठवड्याने त्यांच्यातल्या जास्त लोकांना फुटलेल्या काचाही आठवल्या. फिल्ममध्ये काचा फुटलेल्याच नव्हत्या. आता पोलीस स्टेशनमध्ये फोटो पुढे ठेवून "हाच होता ना?" असं विचारलं, तर त्या "ना"मध्ये केवढी ताकद असते याचा विचार करा.

अमेरिकेतच १९८४ साली नॉर्थ कॅरोलायनात एका कॉलेजच्या मुलीवर बलात्कार झाला. त्या अवस्थेतही तिने गुन्हेगाराचा चेहरा नीट लक्षात ठेवायचा प्रयत्न केला. तिने आधी फोटोतून आणि मग ओळख परेडीत रोनाल्ड कॉटन या माणसाला ओळखलं. पुढे पुन्हा सुनावणी झाली तेव्हा खरा गुन्हेगार तिच्यासमोर आणला होता. तिने सांगितलं, याला मी कधी पाहिलं नाही. कॉटन दहा वर्षांहून जास्त काळ जेलमध्ये राहिला आणि १९९५ साली डीएनए चाचणीने सुटला. त्या मुलीवर खरोखर अत्याचार झाला होता, तिचा कोणाशी वैरभाव नव्हता, ती प्रामाणिक होती. आणि ती चुकली.

चार प्रश्न

म्हणून अपिलातला वकील साक्षीला चार साधे प्रश्न विचारतो. तुम्हीही विचारू शकता, त्यासाठी सनद लागत नाही. पाहायची संधी होती का? लक्षात राहायचं काही कारण होतं का? पहिल्यांदा कधी सांगितलं? आणि ओळख कशी करून घेतली?

लोकल स्फोटांच्या खटल्याला हे प्रश्न लावून बघू. ११ जुलै २००६ ची संध्याकाळ. पश्चिम रेल्वेच्या लोकलच्या फर्स्ट क्लासच्या डब्यांत अकरा मिनिटांत सात स्फोट झाले. १८९ माणसं गेली, आठशेहून जास्त जखमी झाली. एटीएसने तेरा जणांवर खटला चालवला. २०१५ साली एक सुटला, पाच जणांना फाशी आणि सात जणांना जन्मठेप झाली. पुरावा ढोबळमानाने तीन तऱ्हेचा होता: साक्षीदार, जप्त केलेल्या वस्तू आणि कबुलीजबाब. हायकोर्टात न्यायमूर्ती अनिल किलोर आणि न्यायमूर्ती श्याम चांडक यांनी तिन्ही नाकारले. किलोर साहेबांची वकिली आपल्याच नागपूर खंडपीठातली. कबुलीजबाब हा वेगळ्या भाषणाचा विषय आहे. आज फक्त साक्षीदारांकडे बघू.

त्यांत टॅक्सीवाले होते. आरोपींना आम्ही आमच्या टॅक्सीतून चर्चगेट स्टेशनला सोडलं, असं त्यांचं म्हणणं. आता पहिला आणि दुसरा प्रश्न विचारा. टॅक्सीवाला दिवसभरात किती पॅसेंजर नेतो? त्या दिवशी त्या पॅसेंजरांनी भांडण केलं नाही, पैसे बुडवले नाहीत, लक्षात राहावं असं काही घडलं नाही. तिसरा प्रश्न: सांगितलं कधी? शंभराहून जास्त दिवसांनी. शहर हादरलेलं, रोज पेपरात तीच बातमी, आणि शंभर दिवस गप्प राहिल्यावर अचानक चेहरा आठवला. कोर्ट म्हणालं, एवढ्या काळाने चेहरे आठवावेत असं काही कारण दिसत नाही.

काही साक्षीदार म्हणाले, आम्ही आरोपीला गाडीत बॅग ठेवताना पाहिलं. त्यांच्या बाबतीतही उशिराचा प्रश्न आला. एकाने संशयितांची रेखाचित्रं काढायला मदत केली होती. म्हणजे चेहरा ज्याच्या डोळ्यांपुढे सर्वांत ताजा, तो हा माणूस. त्याला ना ओळख परेडीला बोलावलं, ना त्याने कोर्टात आरोपी ओळखला. आणखी एक होता, ज्याने बॉम्ब तयार होताना पाहिल्याचं सरतपासणीत सांगितलं. उलटतपासणीत तो बदलला. स्वतः आत गेलो नव्हतो, आत गेलेल्या मित्राने सांगितलं, असं निघालं. पाहिलेलं आणि ऐकलेलं यांत कायदा जमीन-अस्मानाचा फरक करतो. घरात बोलताना आपण तो करत नाही. "मी बघितलं ना" असं म्हणतो आणि बघितलेला असतो व्हॉट्सअ‍ॅपवरचा व्हिडिओ.

चौथा प्रश्न ओळख परेडीचा. अनोळखी माणसाला पाहिलं असेल, तर साक्षीदाराची आठवण लवकर आणि स्वच्छपणे तपासायला हवी. आरोपीला त्याच्यासारख्या दिसणाऱ्या, त्याच वयाच्या माणसांत उभं करतात. एका आरोपीसाठी निदान सहा डमी हवेत. परेड घेणारा पोलीस नसावा, पोलीस तिथे हजरही नसावेत. आरोपीचा फोटो आधी छापून आलेला नसावा. टीव्हीवर आरोपीच्या तोंडावर काळा बुरखा दिसतो तो यासाठी. या खटल्यात घटनेनंतर चारेक महिन्यांनी परेड झाली, आणि ती घेणाऱ्या विशेष कार्यकारी अधिकाऱ्याला तो अधिकारच नव्हता, असं हायकोर्टाने ठरवलं. परेड गेली. मग उरलं ते कोर्टात दाखवलेलं बोट, घटनेनंतर चार वर्षांहून जास्त काळाने. त्या वेळी आरोपी कुठे बसलेले असतात? आरोपीच्या पिंजऱ्यात. तिथे बोट दाखवायला आठवण लागतेच असं नाही.

कोणी म्हणेल, हे तांत्रिक मुद्दे आहेत, वकिलांची हुशारी आहे. परेड कोण घेतो यावर काय एवढं? मला वाटतं, सीताबर्डीतला तो मुलगा आठवावा. ज्याला तुम्ही तांत्रिक म्हणता, तोच त्याचा कॅमेरा आहे.

जालन्याचे सहा जण

आता मी मुद्दाम असा खटला सांगणार आहे ज्यात आरोपी मुसलमान नव्हते. आपल्याला वाटतं, असं फक्त आपल्याशी होतं.

जून २००३ ची गोष्ट. पेरूच्या बागेत झोपडी बांधून राहणाऱ्या एका कुटुंबावर रात्री हल्ला झाला. पाच जणांचा खून झाला, घरातल्या बायकांवर अत्याचार झाले. आई आणि एक मुलगा वाचले. पोलिसांनी सहा जणांना पकडलं, सगळे भटक्या जमातीचे, मजुरी करणारे. २००६ साली सेशन्स कोर्टाने सहाही जणांना फाशी दिली. २००७ मध्ये हायकोर्टाने तिघांची फाशी कायम केली आणि तिघांना जन्मठेप दिली. ३० एप्रिल २००९ ला सुप्रीम कोर्टाने सहाही जणांची फाशी पक्की केली. ५ मार्च २०१९ ला त्याच सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनी पुन्हा ऐकलं आणि सहाही जणांना निर्दोष सोडलं. मधल्या काळात, त्यांच्यातला एक जण घटनेच्या वेळी अल्पवयीन होता, हेही समोर आलं.

२०१९ ला काय नवीन सापडलं? नवीन काहीच नाही. एक जुना कागद वाचला गेला. त्या वाचलेल्या आईला घटनेनंतर दोनच दिवसांत पोलिसांनी गुन्हेगारांच्या फोटोंचा अल्बम दाखवला होता. तिने त्यातले चार चेहरे ओळखले होते. ते चार जण या सहांमध्ये नव्हते. त्या चौघांवर आरोपपत्र झालंच नाही. ओळख ताजी होती तेव्हा तिने एकांना दाखवलं, आणि शिक्षा झाली दुसऱ्यांना. कोर्टाने राज्य सरकारला प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला सांगितली, दोषी पोलीस अधिकाऱ्यांवर कारवाई करायला सांगितलं, आणि त्या चौघांचा तपास करायला सांगितलं. सोळा वर्षांनी.

त्या आईवर मी ठपका ठेवणार नाही. तिच्यासमोर तिचं घर संपलं होतं. पण सोळा वर्षांत तिची पहिली ओळख कोणी गंभीरपणे घेतली नाही, यात तिच्यावरही अन्याय झाला. खोट्या आरोपीला शिक्षा होते तेव्हा खरा गुन्हेगार बाहेर फिरत असतो. लोकल स्फोटांच्या निकालातही हायकोर्टाने हेच सुनावलं: गुन्हा उलगडल्याचा देखावा केला की लोकांना खोटा दिलासा मिळतो आणि खरा धोका मोकळाच राहतो. त्या १८९ घरांना आजही उत्तर मिळालेलं नाही. बारा जण सुटल्याच्या आनंदात आपण त्या घरांना विसरू नये. त्यांच्यात हिंदू आहेत, मुसलमान आहेत, सगळे आहेत.

साक्ष टिकते तेव्हा

माझं बोलणं ऐकून कोणाला वाटेल, साक्षीदार म्हणजे बिनकामाचा पुरावा. तसं अजिबात नाही. बिल्किस बानो यांचा खटला घ्या. ३ मार्च २००२ ला गुजरातच्या दाहोद जिल्ह्यात त्यांच्यावर सामूहिक बलात्कार झाला आणि त्यांच्या घरातली माणसं मारली गेली, त्यांत त्यांची लहान मुलगीही होती. तपास सीबीआयकडे गेला आणि सुप्रीम कोर्टाने खटला मुंबईत हलवला. २००८ साली अकरा जणांना जन्मठेप झाली. ४ मे २०१७ ला मुंबई हायकोर्टाने ती कायम ठेवली. हा खटला मुख्यतः त्यांच्या साक्षीवर उभा होता.

बचाव पक्षाने मुद्दा काढला की पहिल्या फिर्यादीत आरोपींची नावंच नाहीत. लोकल खटल्यातल्या उशिराच्या मुद्द्यासारखाच वाटतो ना? पण आपले चार प्रश्न विचारा. पाहायची संधी होती का? पूर्ण. लक्षात राहायचं कारण होतं का? याहून मोठं कारण कुठलं? ओळख कशी झाली? आरोपी त्यांच्याच गावातले, लहानपणापासून पाहिलेले. अनोळखी चेहरा लक्षात ठेवणं वेगळं आणि शेजाऱ्याला ओळखणं वेगळं. शेजाऱ्यासाठी परेड लागत नाही. आणि पहिल्यांदा कधी सांगितलं? कोर्टाला असं आढळलं की त्यांनी सांगितलं होतं, लिहिणाऱ्यांनी लिहिलं नाही. फिर्यादीतली गाळलेली जागा पोलिसांच्या खात्यात गेली, बिल्किस यांच्या नाही. हायकोर्टाने खालच्या कोर्टात सुटलेल्या पोलिसांना आणि डॉक्टरांनाही दोषी ठरवलं.

म्हणजे प्रश्न तेच होते. एका खटल्यात साक्ष त्यांच्यापुढे टिकली नाही, दुसऱ्यात टिकली. कायद्याचं काम असंच व्हायला हवं.

दहा दिवस

आता थोडं कडू बोलतो. २१ जुलै २०२५ ला लोकल स्फोटांचा निकाल आला आणि आपल्या मोहल्ल्यांत, ग्रुपवर मुबारकबाद फिरली. दहा दिवसांनी, ३१ जुलैला, मालेगावच्या २००८ च्या स्फोटाचा निकाल आला. भिकू चौकातल्या त्या स्फोटात सहा जण मारले गेले होते. सातही आरोपी सुटले. त्याच ग्रुपवर लिहिलं गेलं, कोर्टं विकली गेली. दुसऱ्या बाजूच्या ग्रुपवर बरोबर उलटं झालं: २१ तारखेला कोर्ट विकलेलं, ३१ तारखेला सत्याचा विजय. दोन्हीकडच्या किती जणांनी निकालाची दहा पानं तरी वाचली होती?

दोन्ही खटले सारखे आहेत असं मी म्हणत नाही. मालेगावच्या खटल्यात ३२३ साक्षीदार तपासले आणि त्यांतले तीसहून अधिक फितूर झाले. ते का फिरले, दबाव होता का, तपास ढिला पडला का, हे विचारलंच पाहिजे. सरकारने एका निकालाविरुद्ध लगेच सुप्रीम कोर्ट गाठलं. मालेगावात मारल्या गेलेल्यांच्या घरच्यांना मात्र स्वतः हायकोर्टात अपील करावं लागलं. हा फरक दिसतो आणि तो बोलायलाच हवा. पण तिथेही भाषा तीच ठेवायची: कोणता साक्षीदार, कोणती तारीख, कोणता कागद. संशय कितीही दाट असला तरी तो पुराव्याची जागा घेत नाही, हे वाक्य आपल्या पोरांसाठी आपल्याला हवं असतं. मग ते दुसऱ्यांच्या पोरांसाठीही मान्य करावं लागतं. स्वतःच्या किंवा आई-बापाच्या विरोधात गेली तरी खरी गवाही द्यावी, हे आपण लहानपणापासून मदरशात ऐकत आलो आहोत. ते अवघड कुठे होतं, ते या दहा दिवसांत कळलं.

अपिलाचा एक नियमही माहीत असू द्या. निर्दोष सुटकेविरुद्ध अपील होतं तेव्हा वरचं कोर्ट सहसा असं बघतं की खालच्या कोर्टाने पुराव्यातून काढलेला अर्थ निघण्यासारखा आहे का. दोन अर्थ निघत असतील तर आरोपीच्या बाजूचा राहतो. हा नियम लोकल खटल्यातल्या बारा जणांना जसा लागू, तसाच मालेगावच्या सात जणांनाही.

तुमच्या हातात काय आहे

शेवटी कामाचं बोलतो. उद्या तुमच्यासमोर काही घडलं, तर तीन-चार गोष्टी लक्षात ठेवा.

लगेच सांगा. उशीर झाला की खरी साक्षही अशक्त होते. पोलिसांकडे जायची भीती वाटत असेल तर वकिलाला किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला सोबत घ्या. साक्षीदारांच्या संरक्षणाची योजना सुप्रीम कोर्टाने २०१८ साली मंजूर केली आहे, त्यात अर्ज करता येतो.

घरी आल्यावर स्वतःच्या शब्दांत लिहून ठेवा, तारीख आणि वेळ घालून. ग्रुपवर टाकायच्या आधी आणि चारचौघांशी बोलायच्या आधी. चारचौघांत बोललं की त्यांचं पाहिलेलं तुमच्यात मिसळतं.

जितकं पाहिलं तितकंच सांगा. "चेहरा नीट दिसला नाही" हे वाक्य बोलायला लाज वाटू देऊ नका. आपल्या माणसाला मारलं असेल तेव्हा दोन नावं जास्त घालायचा मोह होतो. गावोगावच्या खुनाच्या खटल्यांत हे घडतं: चार हल्लेखोर असतात, फिर्यादीत दहा नावं येतात, कारण जुनं वैर फेडायचं असतं. मग अपिलात त्या सहा खोट्या नावांच्या आधाराने चार खरेही सुटायला बघतात. कोर्ट दाणे आणि भुसा वेगळा करू शकतं, पण भुसा फार झाला तर दाणेही जातात.

पोलिसांनी एकच फोटो दाखवून विचारलं, तर नम्रपणे सांगा की मला परेडीत ओळखू द्या. आणि संशयिताचा फोटो "हाच तो" म्हणून फॉरवर्ड करू नका. तुम्ही ज्याला शिक्षा व्हावी म्हणून फोटो पसरवता, त्याचा वकील उद्या कोर्टात तोच फोटो दाखवेल आणि म्हणेल, साक्षीदारांनी चेहरा आधीच पाहिला होता. माझ्यासारखाच कोणीतरी वकील असेल तो, आणि त्याचं म्हणणं बरोबर असेल.

तुमच्यातल्या जे कायदा शिकतायत त्यांना एक विनंती. लोकल स्फोटांचा निकाल ६७१ पानांचा आहे. सगळा नको, फक्त साक्षीदारांचा भाग वाचा. मग मालेगावच्या निकालातला तोच भाग वाचा. पुढच्या महिन्यात इथेच बसू आणि दोन्ही निकालांना ते चार प्रश्न विचारू. ज्याला जो निकाल पटला असेल, त्याने त्याच्या विरुद्ध बाजूने बोलायचं.